प्रकाशाचा कामगार

सिनेमा सुटल्यावर बाहेर पडणाऱ्या दहा माणसांना विचारून पाहा, की आत्ता पाहिलेल्या चित्रपटात काम कोणी केले? नायकाचे नाव दहाही जण सांगतील. गाणी कोणी गायिली, हे सात-आठ जण सांगतील. दिग्दर्शकाचे नाव तिघाचौघांना ठाऊक असेल. परंतु जे चित्र आपण अडीच तास पाहत होतो ते टिपले कोणी, त्यावर उजेड पाडला कोणी, असे विचाराल तर बहुधा एकालाही सांगता येणार नाही. त्याचे नाव पडद्यावर येऊन गेलेले असते. पण त्या वेळी आपण खुर्ची शोधत असतो.

या व्याख्यानमालेचे निमंत्रण आले तेव्हा मी किमान वेतनावर किंवा महागाईभत्त्यावर बोलेन, अशी संयोजकांची समजूत असावी. तीस वर्षे मी तेच करीत आलो आहे. तरी मी हा विषय घेतला, त्याला एक कारण घडले. गेल्या वर्षी भूम तालुक्यातला एक मुलगा मजकडे आला. मुंबईत एका मालिकेच्या चित्रीकरणावर तो कॅमेऱ्याच्या खात्यात मदतनीस म्हणून चार महिने राबला होता आणि शेवटच्या दोन महिन्यांची मजुरी त्याला मिळाली नव्हती. "लेखी काय आहे?" असे मी विचारले. त्याच्याजवळ कागदाचा चिटोराही नव्हता. होते ते मोबाइलवरचे चार निरोप. जाताना त्याने विचारले, "काका, या धंद्यात राहू, का गावाकडं येऊ?" त्या दिवशी मला नीट उत्तर देता आले नाही. आज ते देण्याचा प्रयत्न करतो. पण त्यासाठी आधी हा धंदा काय आहे ते पाहिले पाहिजे.

या मुलाची व्यथा मला लवकर कळली, कारण माझी आयुष्यातली पहिली मजुरी बुडाली तीही उजेडाच्याच धंद्यात. शाळा सुटल्यावर येरमाळ्याच्या चैत्री यात्रेत मी एका तंबू सिनेमात रिळे उलटी गुंडाळण्याचे काम केले. यात्रा उठली, तंबू उठला आणि माझे पैसेही उठले. तेव्हा मी सोळा वर्षांचा होतो. मालकाला काय विचारावे आणि कोणत्या तोंडाने विचारावे, हेही मला समजत नव्हते.

छायालेखक नेमके काय करतो?

आपण त्याला कॅमेरामन म्हणतो. जुन्या मराठी बोलपटांच्या श्रेयनामावलीत 'छायालेखन' असा सुंदर शब्द येई. छायेने लिहिणे, हे या कामाचे खरे वर्णन आहे. कॅमेऱ्याची कळ दाबणे हा त्याच्या कामाचा लहानसा भाग होय. उजेड कोठून यावा, किती यावा, कोणाच्या तोंडावर पडावा आणि कोणाला अंधारात ठेवावे, हे ठरविणे हे त्याचे मुख्य काम.

घरातलेच उदाहरण घ्या. वीज गेली की पूर्वी आपल्याकडे चिमणी लावीत. आई चुलीपुढे भाकरी थापते आहे आणि चिमणी तिच्या डाव्या हाताला कोनाड्यात आहे. तिचा डावा गाल उजळतो, उजवा अंधारात जातो, आणि मागच्या भिंतीवर तिची मोठी सावली हलते. आता तीच चिमणी तिच्या समोर जमिनीवर ठेवा. तोच चेहरा भेसूर दिसू लागेल. उंच फळीवर मागे ठेवा. केसांच्या कडा चमकतील आणि चेहरा हरवेल. आई तीच, चिमणी तीच. फक्त जागा बदलली. छायालेखकाचे सारे शास्त्र या एका गोष्टीचा विस्तार आहे. त्यात आणखी हिशेब येतात. भिंगाचे छिद्र किती उघडावे, फिल्मला किती उजेड मानवेल, पात्र चार पावले पुढे आले तर ते धूसर होईल काय, हे सारे त्याला आधीच ताडावे लागते. फिल्मच्या काळात आज घेतलेले चित्र धुऊन आल्याखेरीज दिसत नसे. म्हणजे सगळा सौदा डोळ्यांच्या अंदाजावर आणि मोजमापाच्या यंत्रावर चाले. चूक झाली तर शंभर माणसांचा दिवस वाया जाई.

हा धंदा आपल्याकडे आला तोच मुळी कारागिरीच्या वाटेने. दादासाहेब फाळक्यांनी १९१२ साली इंग्लंडातून कॅमेरा आणला आणि त्र्यंबक तेलंग यांना हाताशी धरून तो चालवायला शिकविला. ३ मे १९१३ रोजी मुंबईत लोकांपुढे आलेला 'राजा हरिश्चंद्र' तेलंगांच्या हातून चित्रित झाला. कोल्हापुरात बाबूराव पेंटर आणि त्यांच्या सोबत्यांनी पुढे स्वतःच कॅमेरा घडविला. त्याच बाबूरावांनी १९२५ मध्ये 'सावकारी पाश' काढला. जमीन गमावून शहरात मजुरीला जाणाऱ्या शेतकऱ्याची ती कथा. या मंडळींपैकी कोणी सिनेमाच्या शाळेत गेलेले नव्हते. पाहून, विचारून, बिघडवून आणि पुन्हा जोडून ते शिकले.

एका माणसाची कारकीर्द

हे काम ज्यांच्या आयुष्यात मला सर्वांत स्पष्ट दिसते ते म्हणजे व्ही. के. मूर्ती. ते आपल्या भाषेचे नव्हेत. १९२३ साली म्हैसूरला त्यांचा जन्म झाला. पण त्यांची कर्मभूमी मुंबई. तरुणपणी त्यांना व्हायोलिनचा नाद होता. स्वातंत्र्याच्या चळवळीत त्यांनी तुरुंगही पाहिला. बंगलोरच्या जयचामराजेंद्र पॉलिटेक्निकमध्ये छायालेखनाचा अभ्यासक्रम निघाला होता. तेथून १९४६ साली पदविका घेऊन ते मुंबईस आले. पदविका हातात असली तरी कॅमेरा हातात मिळत नाही. फली मिस्त्रींसारख्या नामांकित छायालेखकांच्या हाताखाली त्यांनी उमेदवारी केली.

संधी आली ती 'बाजी'च्या वेळी, १९५१ साली. गुरुदत्त यांचे ते पहिलेच दिग्दर्शन. छायालेखक होते व्ही. रात्रा आणि मूर्ती त्यांचे सहायक. एका गाण्यात आरशातल्या प्रतिबिंबापासून सुरू होऊन पात्राबरोबर सरकत जाणारे एक अवघड दृश्य मूर्तींनी सुचविले. ते जमेल काय, अशी शंका निघाली. तेव्हा, वरिष्ठांची हरकत नसेल तर मीच करून दाखवितो, असे ते म्हणाले. रात्रांनी मोकळ्या मनाने परवानगी दिली आणि दृश्य साधले. गुरुदत्तांनी या सहायकाला हेरून ठेवले आणि पुढच्याच वर्षी 'जाल'चे छायालेखन स्वतंत्रपणे त्याच्याकडे सोपविले. या प्रसंगात मूर्तींच्या हुशारीइतकाच मला रात्रांचा मोठेपणा वाटतो. वरच्या पायरीवरच्या माणसाने जागा दिल्याखेरीज खालचा वर चढत नाही. कारखान्यात जे खरे, ते स्टुडिओतही खरे.

पुढची दहा-बारा वर्षे ही जोडी टिकली. 'प्यासा' (१९५७) ज्यांनी पाहिला असेल त्यांना शेवटचा समारंभ आठवत असेल. मेला म्हणून ज्याची पुण्यतिथी चालली आहे तो कवी सभागृहाच्या दारात येऊन उभा राहतो. उजेड त्याच्या पाठीमागून येतो. चेहरा अंधारात, अंगाच्या कडा तेवढ्या उजळलेल्या. तो जिवंत आहे की भूत, असा प्रश्न सभेला पडतो, तसा क्षणभर आपल्यालाही पडतो. तेथे एकही शब्द बोललेला नाही. बोलतो तो उजेड.

आता 'कागज के फूल'मधल्या त्या प्रसिद्ध प्रकाशझोताकडे येऊ. हा चित्रपट १९५९ चा. सिनेमास्कोप पद्धतीचा हा भारतातला पहिला चित्रपट. या पद्धतीत खास भिंग रुंद देखावा आडव्या बाजूने चेपून फिल्मवर बसविते आणि चित्रगृहातले भिंग तो पुन्हा पसरते. म्हणून चित्र उंचीच्या सव्वादोनपटीहूनही रुंद दिसते. एवढ्या रुंद जागेत दोन माणसांचा एकाकीपणा दाखवायचा होता. रिकाम्या स्टुडिओत वरून एक सरळ, घट्ट झोत उतरावा आणि त्यात ती दोघे उभी असावीत, अशी कल्पना होती.

यात अडचण काय, ती समजून घेऊ. दिव्याचा उजेड पसरत जातो. दिव्यापासूनचे अंतर दुप्पट झाले की उजेड चौथा हिस्सा उरतो. म्हणून कितीही मोठा दिवा लावला तरी त्याचा झोत खाली येईपर्यंत फाकतो आणि फिका पडतो. सूर्य इतका दूर आहे, की त्याचे किरण आपल्यापर्यंत जवळजवळ समांतर येतात. झरोक्यातून घरात पडणारा कवडसा वरपासून खालपर्यंत सारख्याच जाडीचा दिसतो, तो यामुळे. धाराशिव लेण्यांच्या अंधाऱ्या मंडपात दारातून घुसणारे ऊन ज्यांनी पाहिले असेल त्यांना हे वेगळे सांगायला नको. मूर्तींनी ठरविले, की दिवा नको, सूर्यच आत आणावा. मेहबूब स्टुडिओच्या बाहेर एक मोठा आरसा लावून ऊन आत फेकले, आत उंचावर दुसरा आरसा ठेवून ते खाली वळविले. थोडा धूर सोडला, की झोत डोळ्यांना दिसू लागतो.

हे दृश्य आज जगभर वाखाणले जाते. मी ते पाहतो तेव्हा मला मात्र बाहेरचा आरसा आठवतो. सूर्य काही थांबत नाही. तो सरकला, की झोतही सरकणार. म्हणजे बाहेर उन्हात कोणीतरी उभे असणार आणि खूण झाली की आरसा केसभर फिरविणार. त्या हातांचे नाव कोठेही लिहिलेले नाही. मूर्तींच्या कल्पनेला बाध न आणता मी हे सांगतो आहे. कल्पना एकाची असते, पण उजेड अनेकांनी मिळून धरलेला असतो.

चित्रपट पडला. गुरुदत्तांना त्याचा मोठा धक्का बसला. मूर्तींना मात्र त्याच चित्रपटासाठी छायालेखनाचे फिल्मफेअर पारितोषिक मिळाले आणि पुढे 'साहिब बीबी और गुलाम' (१९६२) साठी पुन्हा मिळाले. या दुसऱ्या चित्रपटात एक मैफिलीचे गाणे आहे. मुख्य नर्तिकेवर झगझगीत उजेड आहे आणि तिच्यामागे नाचणाऱ्या साऱ्या जणी गाणे संपेपर्यंत सावलीतच राहतात. त्यांचे हातपाय दिसतात, ताल दिसतो, तोंडे दिसत नाहीत. कलेच्या दृष्टीने ती रचना अप्रतिम आहे. पण संघटनेत आयुष्य गेलेल्या माणसाला ती पाहताना दुसरेही काही सुचते. आपल्या समाजाचे चित्र याहून वेगळे आहे काय? उजेडात एक, आणि त्याचा ताल सांभाळणारे वीस जण सावलीत.

मोठ्या पडद्याकडून लहान पडद्याकडे

१९६४ साली गुरुदत्त गेले. पुष्कळांची कारकीर्द अशा वेळी संपते. मूर्तींनी काम थांबविले नाही. रंगीत चित्रणाचे तंत्र त्यांनी आधीच आत्मसात केले होते. त्या काळच्या रंगीत फिल्मला उजेड फार लागे. 'चौदहवीं का चाँद'च्या रंगीत गाण्याच्या वेळी दिव्यांच्या धगीने वहिदा रेहमान यांचे डोळे लाल झाले आणि त्या लालीवर सेन्सॉरने हरकत घेतली, अशी आठवण त्यांनीच सांगितली आहे. नायिकेच्या डोळ्यांची ही गत, तर दिव्यांपाशी दिवसभर उभे राहणाऱ्यांची काय असेल? पुढे प्रमोद चक्रवर्तींच्या 'लव्ह इन टोकियो', 'जुगनू' अशा लोकप्रिय चित्रपटांना मूर्तींचाच कॅमेरा होता. 'प्यासा'चा छायालेखक असले चित्रपट का करतो, असे काही रसिक विचारीत. ज्याला महिनाअखेर घर चालवायचे असते त्याला हा प्रश्न पडत नाही. जे काम आले ते चोख करणे हीही एक निष्ठाच आहे.

साठी उलटल्यावर ते दूरदर्शनच्या कामाकडे वळले. १९८८ च्या जानेवारीत 'तमस' दाखविले गेले. भीष्म साहनींची कादंबरी, गोविंद निहलानींचे दिग्दर्शन, आणि छायालेखन मूर्ती व निहलानी या दोघांचे. हे निहलानी मूर्तींचेच एके काळचे सहायक. तेही बंगलोरच्या त्याच संस्थेत शिकलेले. विजय तेंडुलकरांच्या 'शांतता! कोर्ट चालू आहे'वरील मराठी चित्रपटाचे छायालेखन निहलानींचेच, आणि कामगार संघटनांतल्या चुरशीवरचा 'आघात' (१९८५) हा त्यांनीच दिग्दर्शित केलेला. संघटनेच्या प्रत्येक माणसाने तो एकदा पाहावा. रात्रांनी मूर्तींना जागा दिली होती. मूर्तींचा शिष्य दिग्दर्शक झाला तेव्हा गुरूने त्याच्यासाठी कॅमेरा धरला.

'तमस' आम्ही ग्रामपंचायतीच्या टीव्हीवर पाहिले. उंच बांबूला अँटेना बांधलेला आणि समोर अर्धे गाव. फाळणीच्या वेळची दंगल, रात्रीची आग, गल्लीतून पळणारी माणसे. लहान पडद्यावर दूरचा देखावा मावत नाही. तेथे चेहरा जवळ आणावा लागतो. मशालीच्या उजेडात उजळणारे आणि पुन्हा अंधारात जाणारे ते भेदरलेले चेहरे अजून माझ्या डोळ्यांपुढे आहेत. आपला जिल्हा निजामी अमलातला. रझाकारांची दहशत आणि १९४८ च्या सप्टेंबरातले व त्यानंतरचे दिवस, दोन्ही पाहिलेली म्हातारी माणसे त्या गर्दीत होती. हिंदू होती, मुसलमान होती. भाग संपल्यावर कोणी काही बोलले नाही. एका आजोबांनी नुसते उपरण्याने डोळे पुसले. मालिका बंद करावी म्हणून काही लोक न्यायालयात गेले होते. मुंबईच्या उच्च न्यायालयाने आणि मग सर्वोच्च न्यायालयाने ती बंद करण्यास नकार दिला. त्याच वर्षी श्याम बेनेगल यांची ५३ भागांची 'भारत एक खोज' सुरू झाली. तिचे छायालेखनही मूर्तींचे. ज्या मुलांनी शाळेत इतिहास कंटाळत वाचला त्यांनी तो रविवारी सकाळी पाहिला. मीही त्यांतलाच एक. तेव्हा मला मूर्तींचे नाव ठाऊक नव्हते. ते पुढे वाचनालयातल्या एका मासिकात भेटले.

चित्रपटातील कर्तृत्वासाठी दादासाहेब फाळके पुरस्कार १९६९ पासून दिला जातो. नट, दिग्दर्शक, निर्माते, संगीतकार, गायिका यांना तो मिळत गेला. छायालेखकाला तो पहिल्यांदा मिळाला तो २००८ सालचा. मार्च २०१० मध्ये राष्ट्रपती प्रतिभाताई पाटील यांच्या हस्ते मूर्तींनी तो स्वीकारला. त्या वेळी ते ८६ वर्षांचे होते. ज्या फाळक्यांनी स्वतः कॅमेऱ्याचे हँडल फिरविले, त्यांच्या नावाचा पुरस्कार कॅमेऱ्यापर्यंत पोचायला चार दशके लागली. ७ एप्रिल २०१४ रोजी बंगळुरूत मूर्तींचे निधन झाले.

त्या मुलाला उत्तर

आता माझ्याकडे आलेल्या मुलाच्या प्रश्नाकडे येतो. कॅमेऱ्याच्या खात्यात पायऱ्या असतात. पेट्या उचलणारा मदतनीस, भिंगाची स्पष्टता सांभाळणारा, प्रत्यक्ष कॅमेरा चालविणारा, आणि शेवटी छायालेखक. बाजूला दिव्यांचे खाते. तेथे पन्नाशीच्या, केस पिकलेल्या माणसालाही 'लाइटबॉय' म्हणतात. बॉय म्हणजे पोऱ्या. नावापासूनच त्याचे मोल कमी धरले जाते. मालिकांच्या धंद्यात बारा तासांची पाळी सर्रास चालते, आणि भाग उद्या दाखवायचा असला की बाराचे सोळाही होतात. फिल्म गेली, डिजिटल कॅमेरा आला, चित्र तत्काळ दिसू लागले. तरी माणसाची झोप यंत्राने वाढविलेली नाही.

कायदा मात्र आहे. १९८१ साली संसदेने सिनेकामगारांसाठी कायदा केला. लेखी करार केल्याखेरीज सिनेकामगाराला कामावर घेऊ नये, असे त्यात स्पष्ट होते. २०२० च्या व्यावसायिक सुरक्षा, आरोग्य व कार्यस्थिती संहितेने तो कायदा पोटात घेतला आणि ही संहिता २१ नोव्हेंबर २०२५ पासून अमलात आली. तिच्यात 'दृक्‌श्राव्य कामगार' असा शब्द आहे आणि मालिकांतले कामगारही त्यात येतात. ठरविलेल्या वेतनमर्यादेपर्यंतच्या कामगाराशी लेखी करार हवा. त्यात वेतन, कामाचे तास, सुरक्षितता यांचा उल्लेख हवा. या संहितांविषयी आम्हा संघटनावाल्यांच्या तक्रारी पुष्कळ आहेत. त्या दुसऱ्या व्यासपीठावर मांडीन. पण हे कलम कामाचे आहे आणि ते मागितल्याशिवाय कोणी देणार नाही. छायालेखकांची वेस्टर्न इंडिया सिनेमॅटोग्राफर्स असोसिएशन मुंबईत आहे. निरनिराळ्या खात्यांच्या संघटनांचा महासंघही आहे. गावाकडून गेलेल्या मुलाला त्यांचा पत्ता माहीत नसतो आणि स्टुडिओच्या दारावर तो कोणी लिहून ठेवीत नाही.

म्हणून त्या मुलाला, आणि या सभेत बसलेल्या त्याच्यासारख्या मुलांच्या आईवडिलांना माझे सांगणे असे. धंदा वाईट नाही; राहायचे असेल तर राहा. जमले तर आधी शीक. प्रभातच्या जागेवर १९६० साली उभी राहिलेली पुण्याची फिल्म संस्था पदवीनंतर प्रवेशपरीक्षा घेऊन छायालेखनाचा तीन वर्षांचा अभ्यासक्रम शिकविते. तेथे शिकलेल्या अविनाश अरुण या मराठी तरुणाने 'किल्ला' स्वतः चित्रित आणि दिग्दर्शित केला. २०१४ साली बर्लिनच्या महोत्सवात मुलांच्या परीक्षक मंडळाने त्याला पारितोषिक दिले. तेथे प्रवेश मिळाला नाही तर कोणाच्या तरी हाताखाली शीक, मूर्तीही तसेच शिकले. पण पेटी उचलण्याआधी कागद माग. संघटनेचे कार्ड काढ. आणि उद्या वरच्या पायरीवर गेलास तर खालच्याचे नाव विसरू नकोस.

बुडालेल्या मजुरीबद्दल आम्ही पत्रव्यवहार केला. चार महिन्यांनी एका महिन्याचे पैसे आले. दुसऱ्या महिन्याचे अजून यायचे आहेत. मुलगा पुन्हा मुंबईस गेला आहे. गेल्या महिन्यात त्याचा फोन आला, की या खेपेस सही केलेला कागद आपल्याजवळ आहे आणि त्याची एक प्रत त्याने आईकडे ठेवली आहे.

आपणांकडे माझे मागणे फार मोठे नाही. पुढच्या वेळी सिनेमा पाहाल तेव्हा नावे सरकत असताना उठू नका. आजकाल पुष्कळ नावे शेवटी येतात, बारीक अक्षरांत आणि घाईने. त्यांत कदाचित आपल्या तालुक्यातले एखादे असेल.